दार चुकलेली दोरी

ओरवेनची आणि माझी ओळख झाली ती टेंगळापासून.

त्या सकाळी मी रस्त्याच्या फळ्यांखाली माझी होडी बांधत होते. बारीक पाऊस होता, तळ्यावर धुकं होतं, आणि वरून काहीतरी टणकन माझ्या डोक्यात आदळलं. डोळ्यांपुढे काजवे चमकले. केसांतली फणी निसटली आणि डुबुक करून पाण्यात गेली. डोक्यात पडलेली वस्तू मात्र होडीत राहिली. पत्र्याची छोटी डबी होती, मेणाची.

वर बघितलं तर फळीच्या कडेवरून एक डोकं उलटं लोंबत होतं. ओले कुरळे केस, लांब नाक, आणि चेहऱ्यावर असा भाव की डबी जणू त्याच्याच डोक्यात पडली आहे.

"लागलं का हो?"

"छे. टेंगूळ मी हौसेनं आणलंय."

"माझी डबी..."

"ही घ्या. माझी फणी तळाशी गेली, ती जाऊ द्या."

त्यानं हात लांबवला. डबी देताना त्याची बोटं माझ्या बोटांना लागली, थंडगार होती. त्यानं फणी कशी होती ते विचारलं. लाकडी होती, जुनी होती, म्हटलं. मी होडी बांधून वर आले तरी तो गृहस्थ तिथंच पालथा पडून पाण्यात बघत होता. मला ते बरं वाटलं नाही. परक्या माणसानं आमच्या पाण्यात एवढं काय बघायचं?

मी संशयी आहे, हे आधीच सांगून टाकते. पुल्ला मावशी म्हणते, ही पोरगी शिंकणाऱ्यालाही विचारेल, का शिंकलास. मावशी माझी शेजारीण, वाम मासे धुरावर सुकवते, आणि तिच्या तोंडाला फळ्यांपेक्षाही मोठी फट, सगळं एकदम बाहेर. पण या बाबतीत ती खरं बोलते. संशयी नसते तर माझं काम मला जमलंच नसतं. मी ओस्मिरची वाटीवाली. गावाची हाकवाटी माझ्या घरात असते.

ओस्मिर उभं आहे ते थाल्म तळ्यावर, खांबांवर. रस्ते फळ्यांचे, अंगणं फळ्यांची, आणि प्रत्येक दोन फळ्यांत बोटभर फट. हातातून सुटलं की गेलं. म्हणून ही वाटी. तांब्याची, ओंजळीत मावेल एवढी, एका बाजूला चेपलेली. तिच्यात तळ्याचं पाणी घ्यायचं. ज्याचं हरवलं त्यानं पाण्यात बोटाचं टोक बुडवायचं आणि वस्तू कशी, कुठून आली, कशाला हवी, ते मोठ्यानं सांगायचं. पाणी हलू नये म्हणून मी डाव्या हातानं त्याचं मनगट धरते आणि उजव्या हातानं काठावरून काठी फिरवते. वाटी गुणगुणायला लागली की हाक लागली. दुसऱ्या दिवशी सकाळी वस्तू निथळत उंबऱ्यावर. माणशी आठवड्याला एकच हाक.

कधी वस्तू येतच नाही. मग आम्ही म्हणतो, खोल गेली. कधी भलत्याच उंबऱ्यावर येते. मग म्हणतो, दार चुकलं. पुल्ला मावशीच्या मुलानं लग्नानंतर टोपी बोलावली तर ती त्याच्या नव्या घरी न जाता मावशीकडे आली. सून आठ दिवस फुगून बसली होती, गावाला तेवढीच करमणूक.

वाटीवालीच्या घरात दुसऱ्याची वस्तू सापडली तर मात्र कुणी दार चुकलं म्हणत नाही. वाटी तिच्याच हातात, मग चोरी दुसरं कोण करणार? तिला तराफ्यावर बसवायचं, एक बोचकं द्यायचं आणि पैलतीरी सारोलला धाडायचं. माझ्या मोरेथ आत्याला तसंच धाडलं. बाल्दोरकाकांची लग्नाची अंगठी तिच्या फडताळात सापडली. मी सात वर्षांची होते, तराफा धुक्यात जाईपर्यंत धक्क्यावर उभी होते. वाटी आमच्या घरातल्या बाईच्याच हातात गुणगुणते, म्हणून मी सोळाची होईपर्यंत ती मुकी पडून होती. मग गावानं ती नाइलाजानं माझ्या हातात दिली. चोराची भाची, म्हणून पहिल्या दिवशीच मी ठरवलं की माझ्या घरात परक्याची टाचणीसुद्धा दिसता कामा नये. आत्या दर वर्षी नावाड्याबरोबर सुकवलेल्या पुदिन्याची जुडी पाठवते. मी ती मावशीला देऊन टाकते. उलट निरोप कधी पाठवला नाही.

ती पडलेली फणी आत्याचीच होती. गेली तर गेली, असं मला मनातून वाटलं होतं. पण रोज केस बांधायला काहीतरी लागतंच, म्हणून संध्याकाळी मावशीला माझं मनगट धरायला बसवलं आणि हाक मारली. वाटी गुणगुणली. सकाळी उंबरा कोरडा होता. खोल गेली म्हटलं आणि केसांना दोरा बांधला.

तिसऱ्या दिवशी तो दारात हजर. आंघोळ केलेली, कुरळे केस नीट विंचरलेले, अंगात धुतलेला सदरा. आला आणि नुसता उभा राहिला. माझ्याकडे बघतोय, हसतोय, वाट बघतोय.

"काय हवंय?" मी म्हटलं.

"तुम्ही... काही सांगणार होतात का?"

"मी? दारात तुम्ही आलायत."

त्याचं हसू जरा पडलं. मग म्हणाला, माझा हातमोजा हरवलाय.

त्याची हकीगत मला मावशीकडून आधीच कळली होती, कारण तो तिच्याच माळ्यावर भाड्यानं राहत होता. नाव ओरवेन. वरच्या डोंगरातल्या कावेंदचा. तळ्याची खोली मोजायला आला होता. मोठ्या नावांसाठी वाट आखायची आहे म्हणे, पंचांनी परवानगी दिली होती. मला ते मुळीच पटलं नाही. तीनशे वर्षं या गावाच्या हातातून जे जे निसटलं आणि खोल गेलं, ते सगळं थाल्मच्या तळाशी पडलेलं आहे. आणि वर ही वाटी. डोंगरातला माणूस इथं उगीच कशाला येईल?

मी वाटी भरली. त्यानं बोट बुडवलं, मी मनगट धरलं. हातमोजा धाकट्या बहिणीनं विणलेला होता. तिनं माप स्वतःच्या नवऱ्याच्या हाताचं घेतलं, त्यामुळे अंगठा दोन बोटं लांब झाला. तो अंगठा आत दुमडून घालतो. सांगताना तो वाटीकडे बघतच नव्हता.

"नाडी एवढी का पळतेय?"

"जिना चढून आलो ना."

"तीन पायऱ्या आहेत."

"उंच आहेत," तो म्हणाला.

हातमोजा सकाळी त्याच्या उंबऱ्यावर आला. पुढच्या आठवड्यात बटण हरवलं. मग शिट्टी, मग लाकडी चमचा, मग एक मोजा. प्रत्येकाची गोष्ट सांगावीच लागते, तशी रीतच आहे, आणि मला ऐकावीच लागते. त्यामुळे हा माणूस तुकड्यातुकड्यांनी माझ्या घरात शिरत गेला. शिट्टी बापाची, बकऱ्या हाकायची. चमचा आईचा. तिच्या मागे स्वयंपाक त्यानंच केला, सात वर्षं, आणि तो फार वाईट करतो. बोलताना तो मधेच थांबायचा, शब्द शोधायचा, आणि मी काठी फिरवायचं विसरायचे. तो गेला की माझ्या तळव्याला त्याचं मनगट धरल्याची ऊब राहायची. मग मला माझाच राग यायचा.

"अगं, हा माणूस आहे की फाटकी पिशवी?" मावशी म्हणाली. "पाच आठवड्यांत पाच वस्तू. त्याला तू आवडतेस."

"त्याला वाटी आवडते," मी म्हटलं. "कुठली वस्तू किती वेळात येते ते बघतोय तो. वहीत लिहितो."

"वहीत तो पाण्याची खोली लिहितो."

"तुला दाखवलीय वही?"

मावशीनं कपाळाला हात लावला आणि वाम उलटायला गेली.

शेवटी मीच ठरवलं, काय मोजतो ते बघून यायचं. एक दिवस त्याला म्हटलं, मला तुमचं काम बघायचंय. तो इतका खूश झाला की होडीत चढताना पाय घसरून ढोपरभर पाण्यात गेला. मी हसले नाही, म्हणजे फारसं नाही.

तळ्याच्या मधोमध धुकं विरळ झालं. लव्हाळ्यांवर पाऊस सळसळत होता. त्याच्याकडे एक लांब दोरी होती, वावभर, म्हणजे दोन्ही हात पसरल्याएवढ्या, अंतरावर एक अशा चाळीस गाठी मारलेली, टोकाला शिशाचं वजन. वजनाच्या बुडाला त्यानं डबीतलं मेण फासलं.

"मेण कशाला?"

"खोली दोरीनं कळते. तळाशी काय आहे ते कळत नाही. मेणाला चिकटून थोडं वर येतं."

"आणि काय काय आलंय वर?" मी कान टवकारले.

"चिखल. वाळू. एकदा निळा मणी." तो माझ्याकडे बघून हसला. "तुमच्या मनात काय आहे ते कळायला किती मेण लागेल, याचा अंदाज येत नाहीये."

"माझ्या मनात चिखल आहे. सोडा दोरी."

त्यानं दोरी माझ्या हातात दिली. ती ओली, खरखरीत, बोटांखालून एकेक गाठ सरकत जात होती आणि आम्ही दोघं बरोबरीनं मोजत होतो. सतरा, अठरा, एकोणीस. एकविसाव्या गाठीला दोरी सैल पडली. तळ लागला. मी नकळत त्याच्याकडे बघितलं, तो माझ्याकडेच बघत होता, आणि त्या क्षणी मला त्याचा कसलाही संशय आला नाही. खरंच सांगते, असं मला कुणाच्याही बाबतीत कधी झालं नव्हतं.

मग त्यानं वही काढायला लाकडी पेटी उघडली, आणि पेटीत कोरड्या फडक्यावर माझी फणी होती.

"ही कुठून आली?"

त्याचे कान लाल झाले. "ही तर तुम्हीच..."

"मला परत सोडा."

"अहो, पण..."

"परत सोडा म्हणते ना."

त्यानं होडी वळवली. माझ्या डोक्यात सगळं जुळत होतं. फणी खोल गेली नव्हती, यानं काढली होती, माझ्याच दारासमोरून, आणि पेटीत दडवली होती. गोड गोड गोष्टी सांगायच्या, पोरीला भुलवायचं आणि वाटी घेऊन डोंगर गाठायचा. माझा संशय खरा ठरला होता. तरी घरी येऊन मी रडले. त्या रडण्याचाही राग आला.

आठ दिवस तो फिरकला नाही. नवव्या दिवशी आला, केस विस्कटलेले, तोंड उतरलेलं.

"दोरी गेली," तो म्हणाला. "खोल डोहात बुडालेल्या खांबाला अडकली आणि वरून तुटली."

मी वाटी भरली. मनगट धरलं.

"कशी होती?"

"तुम्ही बघितलीय."

"रीत आहे. सांगावं लागतं."

"चाळीस गाठी. शिशाचं वजन. काम पुरं करायला हवी."

"आणि आली नाही तर?" हे रीतीत नाही. मी उगाचच विचारलं.

"तर परवाच्या नावेनं परत जाईन."

"आली तर?"

"आठ दिवसांचं काम उरलंय. मग परत जाईन."

वाटी गुणगुणायला लागली. त्याची नाडी या खेपेला संथ होती. एक नाडी पळत होती, ती माझी. बोट पुसून तो उठला, दारात क्षणभर थांबला आणि गेला.

सकाळी दार उघडलं तर माझ्या उंबऱ्यावर चाळीस गाठींची दोरी वेटोळं घालून पडली होती, वजनासकट, पाणी निथळत.

मी तशीच खाली बसले. मोजा असता तर पिठाच्या डब्यात लपवला असता. ही एवढी थोरली दोरी कुठं लपवू? आणि मग डाव लख्ख दिसला. रात्री यानंच आणून ठेवली. आता पंचांना घेऊन येईल. वाटीवालीच्या घरात चोरीचा माल, दुसऱ्यांदा, त्याच घरात. मला तराफा, आणि वाटी बेवारशी.

तेवढ्यात पुल्ला मावशी पीठ मागायला आली. तिनं दोरी बघितली, माझं तोंड बघितलं, आणि अंगावरची शाल काढून दोरीवर टाकली.

"मागच्या बाजूनं तळ्यात सोड," ती हळूच म्हणाली. "मी काही बघितलं नाही."

सोडता आली असती. मी वाचले असते, तो उद्याच्या नावेनं गेला असता, आणि मोरेथची भाची चोर होती की नव्हती हा प्रश्न कुणी काढला नसता. पण मग मी जन्मभर फळ्यांच्या फटीतून खाली बघत बसले असते. मी शाल मावशीला परत दिली, दोरी खांद्यावर घेतली आणि भर रस्त्यानं धक्क्याकडे निघाले. लोक दारादारांत येऊन बघत होते. पाणी माझ्या पाठीवरून टाचांपर्यंत ओघळत होतं. मावशी मागून येत होती, आणि तिला रस्त्यात कुणी काही विचारलं तर चक्क "नंतर" म्हणत होती.

पंच सकाळी धक्क्यावरच बसतात. मधोमध बाल्दोरकाका, पन्नाशीचे, उंच, कमी बोलणारे. ज्यासाठी अंगठी घडवली होती ते लग्न त्यांनी पुढे केलंच नाही, एकटेच राहतात. ओरवेनही तिथंच होता, नावाड्याशी उद्याच्या जागेचं बोलत. मी दोरी पंचांपुढे टाकली.

"ही यानं काल बोलावली. आज माझ्या उंबऱ्यावर आहे. यानंच ठेवलीय." मग मी त्याच्याकडे वळले, आणि इतके आठवडे सांभाळलेलं अहो-जाहो रागात गळून पडलं. "आणि माझी फणी चोरलीस तू. पेटी उघड. दाखव सगळ्यांना."

त्यानं पेटी उघडली. फणी काढून पंचांपुढे ठेवली.

"चोरली नाही," तो म्हणाला. "ती माझ्या उंबऱ्यावर आली. डबी पडली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी. रात्रभर मला चुटपुट लागली होती, माझ्यामुळे हिची फणी गेली म्हणून. उठून बघतो तर फणी दारात, ओली. मला वाटलं, हिनंच ठेवली. आमच्याकडे मुलगी एखाद्याच्या दारात फणी ठेवते, ती... ये, लग्नाचं विचार, म्हणून ठेवते."

धक्क्यावर कुणीतरी खुसखुसलं. मला तो पहिला दिवस आठवला. आंघोळ, विंचरलेले केस, "तुम्ही काही सांगणार होतात का?"

"म्हणून मी आलो," तो म्हणाला. "ही काही बोलेना. मग मी वस्तू हरवत राहिलो."

बाल्दोरकाकांनी फणी उचलली. ती त्यांनी ओळखली, हे मला दिसलं. त्यांनी विचारलं, "ही हाक मारून बोलावली होती का?"

"मीच मनगट धरलं होतं," मावशी म्हणाली. "वाटी चांगली गुणगुणली. फणी हिच्याकडे आली नाही."

"तुला हवी होती?" काकांनी मला विचारलं.

मी खोटं बोलू शकले असते. "फारशी नाही," मी म्हटलं. "आत्याची होती."

काकांनी फणी बोटांत फिरवली. मग ओरवेनला म्हणाले, "आणि दोरी? ती तुला हवी होती?"

"आली नसती तर उद्या जायचं. आली असती तर आठ दिवसांनी जायचं. हिला माझं तोंड बघायचं नव्हतं. मग दोरीचं मला काय मोठंसं?"

"अगंबाई," मावशी एकदम म्हणाली. "म्हणजे माझ्या लेकाची टोपी..." तिचे डोळे भरून आले. "तो नव्या घरी गेल्यावर आठ दिवस मी त्या टोपीच्या खुंटीकडेच बघत होते. त्याला कुठं तिचं काय होतं."

आता सगळे माझ्याकडे बघत होते. काकांनी प्रश्न विचारला नाही, विचारायची गरजच नव्हती. वस्तू ज्याची त्याच्याकडे जाते, असं आम्ही तीनशे वर्षं मानत आलो. ती जाते ज्याला तिची ओढ जास्त त्याच्याकडे. चोर ठरायचं, नाहीतर हे अख्ख्या गावासमोर सांगायचं. तराफा सोपा वाटला, खरंच.

"दोरी आली तर हा आठ दिवस राहणार होता," मी म्हटलं. "मला ते आठ दिवस हवे होते."

कुणी हसलं नाही. ओरवेननं माझ्याकडे बघितलं, आणि मी दोरीकडे बघत राहिले. एक, दोन, तीन, गाठी मोजत.

बाल्दोरकाका उठले. फणी त्यांच्या हातात तशीच होती.

"मी अंगठी बोलावली," ते म्हणाले, "ती घरच्यांनी बोलावायला लावली म्हणून. मनातून वाटत होतं, बुडालेलीच बरी. मोरेथनं माझं मनगट धरलं होतं. मी दुसरीसाठी अंगठी मागत होतो आणि ती काठी फिरवत होती. तिनं सांगितलं होतं, कशी आली मला ठाऊक नाही. मी तिला चोर म्हटलं. याच जागी."

मग त्यांनी मला विचारलं, वाटीतून माणसाला हाक मारता येते का.

"नाही काका. माणसाकडे आपणच जावं लागतं."

त्यांनी मान हलवली. फणी माझ्या हातात ठेवली. नावाड्याला विचारलं, उद्याची नाव सारोलला थांबते ना. नावाडी म्हणाला, थांबते, पण जागा एकच होती आणि ती या पाहुण्यानं घेतलीय.

"सोडली," ओरवेन म्हणाला.

दुसऱ्या दिवशी काका त्या जागेवर बसून गेले, मांडीवर एक बोचकं घेऊन. मी धक्क्यावर उभी होते. आत्याला काही सांगायचंय का, असं त्यांनी विचारलं. सतरा वर्षांतला माझा पहिला निरोप एवढाच, की पुदिना मिळाला, सगळा मिळाला, आणि दार उघडं आहे. नाव धुक्यात गेली तेव्हा मला रडू आवरेना. ओरवेन शेजारी उभा होता, हात कुठं ठेवावे हे न कळून.

घरी परतताना मी फणी त्याच्यापुढे धरली.

"ही परत दिली तर तुमच्याकडे काय समजतात?"

"कुणी कुणाला दिली त्यावर आहे. मी तुला परत दिली तर नकार."

"आणि मी दिली तर?"

तो थांबला. पावसाची भुरभुर त्याच्या पापण्यांवर बसली होती. "मग... मग मुलाला राहावं लागतं."

मी फणी त्याच्या हातात दिली. तो फणी छातीपाशी धरून असा चालला की फळीवरून पाय सटकला, आणि मी दंड धरला म्हणून वाचला. मग मला एकदम आठवलं.

"एक सांग. त्या पाच वस्तू तू मुद्दाम टाकल्यास ना?"

"चार," तो म्हणाला. "चमचा खरंच पडला."

मी त्याच्या मनगटावर बोटं ठेवली. नाडी भरधाव पळत होती. खरं बोलतोय की खोटं, ते त्यावरून काही कळेना. म्हणून घर येईपर्यंत मी हात सोडलाच नाही.